रातकिड्याची जोडी

माझ्या भाचीच्या लग्नात शेवटचं मंगलाष्टक संपलं, अंतरपाट बाजूला झाला आणि वाजंत्रीवाल्यांच्या आधी लाऊडस्पीकरवर सतरा कोटी वर्षांपूर्वीचा एक किडा ओरडला. 'टुंईईई...' असा, वरून खाली घसरत जाणारा, गळा भरून आल्यासारखा आवाज. बायकांनी डोळ्यांना पदर लावले. अक्षता टाकायचं भान दोघाचौघांना राहिलंच नाही.

२०४३ सालच्या त्या उन्हाळ्यात आमच्याकडे एकही लग्न या आवाजाशिवाय लागत नव्हतं. पत्रिकेत गणपतीच्या खाली दोन किडे छापायची पद्धत पडली होती. डावीकडच्या पानावर नर, उजवीकडच्या पानावर मादी. आणि हे सगळं ज्या दगडामुळे झालं, तो दगड मी फोडला होता. मला मिरवायची हौस नाही असं म्हणणारी माणसं खोटं बोलतात. मी त्या मांडवात चांगली मिरवत होते.

मी प्रतिमा. भंडाऱ्याच्या एका पितळ ओतणाऱ्याची मुलगी, बारावी पास, नागपूरच्या एका जीवाश्म संस्थेत कंत्राटी सहायक. काम काय, तर दगड फोडणं. ऐकायला सोपं वाटतं. पण चांगल्या भाकरीचा पापुद्रा सुटावा तसा दगड थरावरच उघडला पाहिजे. हातोडी जरा जास्त बसली की आतल्या जिवाचा भुगा होतो, आणि तो जीव काही पुन्हा जन्माला यायचा नसतो.

चौदा वर्षांपूर्वी संस्थेचे डॉ. निळकंठ देवपुजारी एका जीवाश्माची पितळी प्रतिकृती करून घ्यायला बाबांच्या कारखान्यात आले होते. मी एका साच्यातली माती सुईने साफ करत बसले होते. सर बराच वेळ बघत राहिले आणि म्हणाले, "शेषराव, हे हात आम्हाला द्या." बाबांनी दिले नाहीत, मीच घेऊन गेले. तेव्हापासून बाबा येणाऱ्याजाणाऱ्याला सांगतात, "आमची पोरगी दगडात किडे शोधते. गव्हात सापडत नाहीत ना तिले."

सरांनी मला जे शिकवलं ते कुठल्या कॉलेजात शिकवत नसतील. कुठलाही दगड उघडला की ते आधी मला विचारायचे, "काय दिसतंय, ताई?" मग स्वतः बघायचे. माझ्या डोळ्यांवर भरवसा ठेवणारा तो एकच माणूस होता, म्हणून पुढे जे झालं ते मला इतकं जड गेलं.

आता तो आवाज दगडातून निघाला कसा, ते सांगते. सिरोंच्याजवळ प्राणहिता नदीच्या काठी चुनखडीचे थर आहेत. कोट्यवधी वर्षांपूर्वी तिथे तळं होतं; त्याच्या गाळात पडलेलं पान, मासा, किडा, सगळं दगडात छापलं गेलं. त्यातच आम्हाला बोटभर लांबीचा, पंख मिटलेला एक रातकिडा मिळाला. रातकिडा तोंडाने गात नाही. त्याच्या एका पंखावर कंगव्यासारखी दातेरी रेघ असते आणि दुसऱ्या पंखाची कडा त्या दातांवरून घासत जाते. कंगव्यावरून नख ओढून बघा, तोच प्रकार. दात किती, दोन दातांत अंतर किती आणि पंख किती वेगाने मिटतो, एवढं कळलं की सूर सांगता येतो. असं गणित शास्त्रज्ञ आधीपासून करत आले होते. नवीन होतं ते आमचं नादवेध यंत्र. क्ष-किरणांनी दगडाचे केसाहून बारीक काप पाडल्यासारखं ते बघतं, संगणकात आख्खा पंख उभा करतं, त्याला स्नायू जोडतं आणि पंख मिटवून दाखवतं. तो मिटताना जो आवाज येतो, तो त्या किड्याचा.

रातकिड्यांत गातो फक्त नर. आणि आम्हाला तर नर-मादी दोघंही एकाच जागी सापडली होती! निदान नोंदवहीत तसं होतं. "तो तिला बोलावत होता, ती आली, आणि तळ्याच्या गाळाने दोघांना एकत्र झाकलं," असं सर पत्रकारांना म्हणाले आणि सगळीकडे तो आवाज वाजायला लागला. सिरोंच्याला 'नादवन' नावाचं दालन बांधून तयार झालं. येत्या रविवारी त्याचं उद्घाटन होतं. दालनाला सरांचं नाव द्यायचं होतं आणि त्यानंतर चार दिवसांनी सर निवृत्त होणार होते.

तर लग्नात पंगती उठल्यावर बाबा खुर्ची ओढून माझ्याजवळ बसले.

"पोरी, मंगाशी सारेजण माना हालवून रायले होते. वाजलं काय?"

पन्नास वर्षं भट्टी आणि ठोकाठोकी यांत गेलेली. बाबांच्या कानाला आता उंच सूर लागत नाहीत. मी फोनवर तोच आवाज दहापट हळू करून लावला. प्रयोगशाळेतही आम्ही तसंच करायचो, कारण हळू केल्यावर आवाज खाली उतरतो आणि त्यातले बारकावे उघडे पडतात. बाबांनी फोन कानाला दाबून धरला, डोळे मिटले आणि आंबट खाल्ल्यासारखं तोंड केलं.

"चीर आहे."

"कोठी?"

"याच्यात. नाद घसरून रायला पाह्य. भांडं बराबर ओतलं असलं ना, तर नाद एका जागी उभा रायते अन् उभ्यानंच मरते. हा लंगडते."

"बाबा, तो किडा होय. घागर नाही."

"किडा असन नाही तर हत्ती असन. देवानं घडवला ना? देव काय चिरलेला माल बाजारात आणते?"

मला हसू आलं. किड्यांच्या बाबतीत बाबांचं ज्ञान गव्हापलीकडे जात नाही. पण त्यांनी खिशातून लग्नाची पत्रिका काढली, चष्मा चढवला आणि दोन्ही किड्यांकडे बराच वेळ बघत राहिले. मग त्यांनी पत्रिका मधोमध मिटली आणि मांडवाच्या फटीतून येणाऱ्या उन्हासमोर धरली.

"हे पाह्य."

उन्हात दोन्ही पानांवरची चित्रं एकमेकांवर पडली होती. पायावर पाय, मिशीवर मिशी. नराचा मागचा एक पाय गुडघ्याशी तुटलेला. मादीचाही तोच, तिथेच.

"हे दोन कोठी आहेत? एकाच साच्याचे दोन पल्ले होत हे. याचं उमटलं त्याच्यावर. अन् तुह्या यंत्रानं कोणता पल्ला धरला? उलटा तर नाही ना धरला?"

मला तो दिवस आठवला. सिरोंच्याच्या कामातला शेवटचा आठवडा. सर नागपुरात होते. दगड उघडला की त्याच्या दोन पाळ्या होतात, एकीवर जीव आणि दुसरीवर त्याचा उलटा ठसा. दोन्हींवर आम्ही 'अ' आणि 'ब' अशा छापील चिठ्ठ्या लावायचो. त्या दिवशी चिठ्ठ्या संपल्या. मी मार्कर घेतला आणि आमच्या कारखान्यात म्हणतात तसं दोन डब्यांवर लिहून टाकलं. ज्या पाळीवर रेघा उठून आल्या होत्या ती 'नर', ज्या पाळीवर खोल गेल्या होत्या ती 'मादी'. नळ जोडणाराही तेच म्हणतो, सुतारही तेच म्हणतो. पण रातकिड्याच्या डब्यावर 'नर' आणि 'मादी' लिहिणारी बाई जगात मी एकटीच असेन!

पुढचं सगळं ओघाने झालं असणार. कारकुनाने वहीत एक नर, एक मादी असे दोन किडे चढवले. इंग्रजी यादीत तेच गेलं. गातो फक्त नर, म्हणून नराचा डबा नादवेधाकडे आणि मादीचा डबा नागपूरच्या प्रदर्शनात काचेच्या पेटीत. दोन्ही दगड पुन्हा एका टेबलावर आलेच नाहीत. इंग्रजी लेख मी वाचला नव्हता. जोडी सापडली हे ऐकलं, तेव्हा वाटलं, मादी जवळच्याच दुसऱ्या कुठल्या तरी दगडात मिळाली असेल. आणि पत्रिकेवरची चित्रं बघून मी नुसती फुगत होते.

रातकिड्याची दातेरी रेघ पंखाच्या खालच्या बाजूला असते, म्हणून किड्याच्या पाळीवर ती खोल दिसते आणि ठशावर उठून येते. नादवेधाने मूळ किड्याऐवजी ठसा वाचला होता. शिक्क्यावरची अक्षरं उलटी असतात, तसा डावा पंख उजवा झाला होता; मिटायची दिशा मात्र यंत्राने तीच ठेवली, म्हणून कंगवा उलट्या टोकाकडून वाजवला गेला होता. बाबांनी माझं नाव प्रतिमा का ठेवलं असेल, हे मी त्या मांडवात पहिल्यांदा स्वतःला विचारलं.

"सराले सांगशीन?" बाबांनी विचारलं.

"सांगितलं तर त्यांचं सारं जाते, बाबा. अन् माह्यंही. ते पुन्हा मले विचारतीन का, काय दिसते म्हणून?"

पत्रिका माझ्या हातात देऊन बाबा पान खायला उठून गेले.

सोमवारी मी सरांच्या खोलीत गेले. ते उद्घाटनाचं भाषण लिहीत होते. मी पाठ करून आणलेलं एकही वाक्य आठवेना, म्हणून पत्रिका मिटली आणि त्यांच्या हातात देऊन म्हटलं, "खिडकीशी धरा."

सरांनी धरली. खालच्या रस्त्यावरून एक बस गेली, मग दुसरी गेली. त्यांचा हात जराही हलला नाही.

"लेबलं मी लिहिली होती, सर. नर म्हणजे उठावाची पाळी, मादी म्हणजे खोलगट. आमच्याकडे साच्याला तसं म्हणतात. चूक माझी आहे."

ते खुर्चीत बसले. टेबलावरच्या गठ्ठ्याकडे बोट करून म्हणाले, "ताई, लोकांनी मला बावीस लग्नपत्रिका पाठवल्या. बावीस! सगळ्या कौतुकाने उघडून ठेवल्या. एकही मिटून बघितली नाही." मग एकदम उठून म्हणाले, "चला, ती मादी घेऊन येऊ."

काचेच्या पेटीतला दगड आणला. सरांनी तो नराच्या दगडावर ठेवला, थोडा फिरवला. टक् असा बारीक आवाज होऊन दोन्ही दगड बसले. फट म्हणून राहिली नाही. तिथे एकच किडा होता.

नादवेधाला नवीन गणित करायला वीस मिनिटं लागली. त्या वीस मिनिटांत सर मला समजावत राहिले. भीती वाटली की ते शिकवायला लागतात. रातकिडा पंख मिटायला लागतो तेव्हा हळू असतो, मग वेग घेतो. दात जर सारख्या अंतरावर असले, तर वेग वाढला की सूर चढेल. म्हणून निसर्गाने हळू टोकाकडे दात जवळ जवळ ठेवले आणि वेगाच्या टोकाकडे लांब लांब. वेग आणि अंतर एकमेकांना सांभाळून घेतात, सूर जागचा हलत नाही. आम्ही कंगवा उलटा धरला होता. जवळचे दात वेगाच्या टोकाकडे गेले, म्हणजे सूर चढायला हवा होता. पण असा चढणारा सूर यंत्राच्या हिशेबात बसेना, म्हणून त्याने पंखाचा वेगही उलटा धरला, आधी जास्त आणि मग कमी; तो गरजेपेक्षा जास्तच उलटा धरला गेला आणि सूर खाली ओघळला.

"त्या घसरणीला मी व्याकुळता म्हणालो," सर स्वतःशीच म्हणाले. "भर सभेत म्हणालो."

यंत्र थांबलं. सरांनी बटण दाबलं.

'टीं.'

बस्. एकच सूर. सरळ, स्वच्छ, कुठेही न हलणारा. सरांनी तो परत लावला, परत लावला. अकरा वेळा. त्यांच्या चेहऱ्यावर असं हसू मी पूर्वी पाहिलं नव्हतं. आणि मलाही, लाज वाटावी इतका, आनंद झाला. सतरा कोटी वर्षांत हा सूर पहिल्यांदा वाजला होता आणि ऐकायला फक्त आम्ही दोघं होतो.

मग संस्थेचे संचालक आले. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून गोड आवाजात म्हणाले, "उद्घाटन ठरल्याप्रमाणे होऊ द्या. पुढच्या वर्षी लेखात एक तळटीप देऊ. लोकांना त्या जोडीचा लळा लागलाय. आणि देवपुजारी, तुम्ही तर पुढच्या गुरुवारी मोकळे होताय."

ते गेल्यावर सरांनी मला विचारलं, "तुम्ही आणखी कुणाला सांगितलंत?"

"बाबांना. म्हणजे, त्यांनीच मला सांगितलं."

"ऐकून?"

"ऐकून."

सर हसले. तळटीप द्यायची की खरं सांगायचं, हे ते मला विचारतील असं वाटत होतं. त्यांनी विचारलं नाही. मी दारातून वळून पाहिलं तेव्हा ते भाषणाच्या कागदाकडे बघत बसले होते. खरं सांगते, ते गप्प राहिले तर बरं, असंही मला वाटत होतं, आणि ते गप्प राहिले तर मी त्यांच्याकडे पुन्हा बघू शकणार नाही, असंही.

रविवारी सिरोंच्याला तुफान गर्दी होती. तेलंगणातून, नागपुरातून गाड्या आल्या होत्या. नवी जोडपी पुढच्या रांगेत बसवली होती. मी मागे खांबाशी उभी होते. सरांच्या हातात भाषणाचा कागद होता. तो त्यांनी घडी करून खिशात घातला.

"मी तुम्हाला चुकीचा आवाज ऐकवला," ते म्हणाले. "जोडी नव्हती. किडा एकच होता. डब्यावर लिहिलेलं बरोबर होतं. ते लिहिणाऱ्या ताई पितळ ओतणाऱ्या घरातल्या आहेत आणि त्या घरात नर-मादी कशाला म्हणतात, हे मी विचारलं नाही. मला जोडी हवी होती. 'नर' हा शब्द वाचला आणि मी दगडाकडे बघायचं थांबलो. आता खरा सूर ऐका."

'टीं.'

मग पुढच्या रांगेतल्या एका नवरीचा आवाज आला, "एवढंच?"

कुणीतरी हसलं. खुर्च्या सरकल्या. लोक अल्पोपाहाराकडे निघाले. संचालकांनी दालनाच्या पाटीवरचा पडदा ओढलाच नाही. दुसऱ्या दिवशी पाटी उतरवली. आठवड्याभरात मला पत्र आलं, की माझ्या सेवेची यापुढे आवश्यकता नाही. सर गुरुवारी निवृत्त झाले. निरोपसमारंभ झाला नाही असं ऐकलं. मी फोन करायला घेतला आणि ठेवून दिला, एकदा नाही, चार-पाच वेळा. काय बोलणार होते? माझ्या हस्ताक्षराने एका माणसाचं नाव पाटीवरून उतरवलं होतं.

फोन आला तो भाचीचा. "आत्या, म्हणजे आमच्या लग्नात वाजलं ते काय होतं?"

"चूक होती, बाई."

"अन् तो एकटाच होता?"

"एकटाच."

"बरं. पण ह्यांना नको सांगू इतक्यात. त्यांनी माझ्या नंबराला तीच रिंगटोन ठेवली आहे."

मी भंडाऱ्याला परतले आणि बाबांच्या कारखान्यात साचे साफ करायला बसले. बाबांनी टोमणा मारला नाही, ते तर जास्तच लागलं.

तीन आठवड्यांनी, दुपारी, भट्टी पेटलेली असताना दारात सर उभे. उन्हाने लाल झालेले, काखेत नकाशाची गुंडाळी. मी हात पुसत उठले. माझ्या तोंडून आधी तेच निघालं.

"सर, राग असेल ना माझ्यावर?"

"होता," सर म्हणाले. "चार दिवस. मग तो सूर परत ऐकला." ते तसेच माझ्या शेजारी जमिनीवर बसले आणि नकाशा पसरला. "काय दिसतंय, ताई?"

नकाशावर आमची सिरोंच्याची जागा होती आणि तिच्याभोवती पेन्सिलीने काढलेलं एक वर्तुळ.

"हे काय?"

"घसरणारा आवाज पसरतो आणि विरतो. एकाच सुराचा आवाज लांब जातो, आणि मादीचा कान त्या एकाच सुरासाठी घडलेला असला तर तिला तो आणखी लांबून ऐकू येतो. तळ्याकाठची झाडी कशी असेल, हवा किती दमट, सगळं धरून मी हिशेब केला. एकशेवीस मीटर. तो बोलावत होता हे तर खरं आहे ना? मग ती कुठेतरी या वर्तुळात असायला हवी." मग स्वतःच मान हलवून म्हणाले, "भाबडा हिशेब आहे. तो पाण्यात वाहून आलेला असेल, ती आलीच नसेल, सतरा कोटी वर्षांत दगड झिजून गेला असेल. पण आपण फक्त पश्चिमेची बाजू खणली होती. पूर्वेचा भाग एका शेतात येतो. शेतमालक म्हणाले, पेरणीच्या आत काय ते करून घ्या, आणि सरकारी परवाना कालच हातात आलाय. मागे संस्था नाही, गाडी नाही. दगड वाचणारं माणूस तेवढं पाहिजे."

मला रडू आलं आणि मी ते लपवलं नाही. बोट वर्तुळाच्या पूर्वेच्या कडेवर ठेवलं. तिथे थर वर आलेला होता; तो मी दोन वर्षांपूर्वी जाताना पाहिला होता आणि कुणी विचारलं नाही म्हणून बोलले नव्हते. आता बोलले. सरांनी पेन्सिलीने तिथे फुली मारली.

भट्टीपलीकडून बाबा ओरडले, "काय म्हणते मास्तर?"

मी त्यांच्या कानाशी जाऊन जोरात सांगितलं, "मादी शोधाले चाल म्हणते! खरी मादी!"

कारखान्यातले सगळे हसायला लागले. बाबा हसले नाहीत. त्यांनी सरांकडे पाहिलं, नकाशाकडे पाहिलं आणि माझ्यासमोरचा अर्धवट साफ केलेला साचा उचलून स्वतःच्या मांडीवर घेतला.

"मंग जाय ना," बाबा म्हणाले. "एवढा बोलावून रायला होता तो. तिनं ऐकलं का नाही, पाहून तर ये."